संहिता नसलेलं नाटक आणि पहाटेचा उसळपाव: कुडाळकडच्या जत्रेतला दशावतार

बॅनरवर ‘रात्रौ ठीक १२ वाजता’ छापलेलं असलं तरी तुम्ही पावणेदोन धरून चाला. आधी पालखी देवळाभोवती फिरणार, मग ओट्या भरणाऱ्या बायकांची रांग संपणार, मग कमिटीवाले माईकवरून कोणाची तरी लाल रंगाची गाडी काढायला सांगणार, आणि मग कुठे पखवाजावर पहिली थाप पडणार. तोवर झोप काढायची असेल तर काढून घ्या, कारण पुढे सकाळपर्यंत झोपावंसं वाटणार नाही. निदान मला वाटलं नाही. आणि आमच्या ह्यांना तर अजिबात नाही, जे ‘मी गाडीत पडतो, संपलं की उठव’ असं म्हणून आले होते.

माझं माहेर कुडाळ तालुक्यातलं, सासर सांगलीचं, संसार डोंबिवलीत. यंदा डिसेंबरात माहेरच्या जत्रेला ह्यांना घेऊन गेले. गावाचं आणि कंपनीचं, म्हणजे नाटक करणाऱ्या मंडळाचं, नाव लिहीत नाही, कारण खाली तक्रारी पण आहेत आणि आमचा भाचा त्या कमिटीत आहे. तशी नावाने फार फरकही पडत नाही. वालावलकर, मोचेमाडकर, पार्सेकर, चेंदवणकर, खानोलकर, आजगावकर ही दशावतारातली जुनी नावं, त्यांच्याशिवायही आता बऱ्याच कंपन्या आहेत, आणि कुठल्या देवळात कोणी नाटक करायचं हे बहुतेक ठिकाणी वर्षानुवर्षं ठरलेलं असतं. तुम्ही ज्या जत्रेला जाल तिथे जी कंपनी असेल ती तुमची.

ज्यांनी कधीच पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. देवळासमोर मांडव किंवा सभामंडप, त्यात एक बाकडं, मागे पडदा, बाजूला पेटी, पखवाज आणि झांज. बाकडं हेच सिंहासन, हाच कैलास आणि हाच राणीचा महाल. सगळे नट पुरुष, बायकांची कामंही तेच करतात. आणि मुख्य गोष्ट म्हणजे हातात लिहिलेलं नाटक नाही. कथा पुराणातली, सगळ्यांना माहीत असलेली. पण संवाद प्रत्येक रात्री नटांनी उभ्या उभ्या रचायचे. अठराव्या शतकात, १७२८ च्या सुमारास, राजापूरजवळच्या आडिवऱ्याच्या श्यामजी नाईक काळ्यांनी हा खेळ कोकणात आणला असं सांगतात. आमचे हे यावर लगेच म्हणाले, ‘मराठी नाटक सांगलीत सुरू झालं, १८४३ ला, विष्णुदास भाव्यांनी.’ मी म्हटलं, बरोबर, आणि भाव्यांच्या त्या पहिल्या नाटकातसुद्धा पदं सूत्रधार म्हणायचा नि नट संवाद आयत्या वेळी बोलायचे. म्हणजे तुम्ही पुढे लिहायला लागलात, आम्ही लागलो नाही, एवढाच फरक. हे गप्प बसले. असं वरचेवर होत नाही, म्हणून नोंदवून ठेवते.

नाटकाच्या आधी रंगपटात जाऊन या. रंगपट म्हणजे देवळामागची पडवी, एक पिवळा बल्ब आणि ओळीने टेकवलेल्या ट्रंका. विचारून गेलात तर कोणी नाही म्हणत नाही. फक्त पेटाऱ्याला पाय लावू नका. त्यात गणपतीचा मुखवटा असतो, आधी त्याची पूजा होते आणि नट त्याच्या पाया पडूनच तोंडाला रंग लावतात. पूर्वी हा पेटारा डोक्यावर घेऊन कंपनी रात्रीची एका गावाहून दुसऱ्या गावाला चालत जायची. आता टेम्पो आहे.

मी गेले तेव्हा स्त्रीपार्टी नट भिंतीला टेकवलेल्या आरशासमोर मांडी घालून बसला होता. पन्नाशीच्या आसपासचा, दिवसा बागायतीत काम करणारा, हाताला चांगले घट्टे. त्याच हातांनी त्याने भुवई काढली ती एका रेषेत, न थांबता. मग गंगावन बांधलं, पिना दातात धरून एकेक खोचली आणि नऊवारीचा काष्टा असा मारला की आमच्या जाऊबाईंनी बघून शिकावं. मधेच फोन वाजला. ‘व्हय, औषध टेबलार ठेवलंय, जेवन झाल्यार घे,’ एवढं बोलून त्याने फोन ट्रंकेत टाकला आणि कपाळावर चंद्रकोर ओढली. मेकअपमन नाही, कपडेपट सांभाळणारा माणूस नाही. ज्याचं सोंग त्याने उभं करायचं.

तेवढ्यात कंपनीचे मालक आले. त्यांनी उभ्या उभ्या कथानक सांगितलं. आज जालंधर-वृंदा. तू जालंधर, तू वृंदा, तू विष्णू, तू नारद. पहिला प्रवेश समुद्राचा, मग दरबार, नारद कळ लावणार, युद्ध, मग विष्णू जालंधराचं रूप घेऊन वृंदेकडे जाणार, शाप, शेवट. चहाचा एक कप संपायच्या आत तालीम आटोपली. कोणी वहीत लिहून घेतलं नाही. एकाने फक्त विचारलं, ‘शेवटाक तुळस दाखवची काय?’ मालक म्हणाले, ‘दाखव. देवळाभायर कुंडी असा.’

सुरुवात होते आडदशावतारापासून, म्हणजे मुख्य कथेआधीच्या पूर्वरंगापासून. गणपती येतो, सोबत रिद्धी-सिद्धी, सरस्वती येते, भटजी येतो, ब्रह्मदेव येतो, आणि मग वेद पळवायला शंकासुर. नवीन माणसाला इथे वाटतं की हे सगळं संथ आहे, मुख्य नाटक कधी सुरू होणार. चुळबूळ करू नका. काळा झगा, डोक्यावर उंच टोकदार काळी टोपी घातलेला शंकासुर हा त्या रात्रीचा सगळ्यात मोकळा माणूस असतो. देव ग्रंथातलं मराठी बोलतात, हा मालवणीत बोलतो, आणि गावात वर्षभरात जे काही झालं असेल ते त्याला कोणीतरी संध्याकाळीच सांगून ठेवलेलं असतं. आमच्याकडचा असा होता:

‘भटानू, ह्ये चारय वेद माझे. सातबाऱ्यार माझा नाव चढलेला असा.’

‘अरे दुष्टा, परत कधी देणार?’

‘मेसेज टाक. बघलंय तर देतलंय. पण समुद्राच्या तळाक रेंज नाय हां.’

मागून कोणीतरी ओरडलं, ‘आणि आमच्या वाडीतला पाणी?’ एक सेकंदही गेला नाही. ‘समुद्र माझो असा, व्हया तितक्या घेवन जावा. खारा चलात मां?’ नळपाणी योजनेवरून गावात काय चाललंय हे ह्यांना माहीत असायचं कारण नव्हतं, तरी हे हसले. पुढच्या खुर्चीतले एक प्रतिष्ठित गृहस्थ मात्र हसले नाहीत. का ते मला भाच्याने नंतर सांगितलं. इथे लिहीत नाही.

एरवी सभेत हाच प्रश्न विचारला असता तर भांडण झालं असतं. इथे राक्षस बोलतो, आणि तोही देवळाच्या दारात, त्यामुळे कोणाला काही म्हणता येत नाही.

आख्यान, म्हणजे मुख्य कथा, सुरू झालं तेव्हा तीन वाजत आले होते. जालंधर भारी होता. राजपार्टी, म्हणजे राजाची कामं करणारा, नट म्हणजे काय ते बघायचं असेल तर त्याची चाल बघा. त्या आठ बाय दहाच्या जागेत तो असा फिरतो की समुद्र आला, रणांगण आलं. युद्धाचं नाचणं, तलवारी, पखवाजवाल्याचे हात दिसेनासे होणं, हे सगळं उत्तम झालं आणि त्यावर टाळ्याही पडल्या. पण मी हे सगळं लिहायला बसले ते वृंदेसाठी.

कथा सगळ्यांना माहीत आहे. वृंदेच्या पातिव्रत्यामुळे जालंधराला मरण नाही, म्हणून विष्णू जालंधर होऊन तिच्याकडे जातो, तिचं व्रत मोडतं, तिकडे नवरा मरतो. तिला कळतं. ती शाप देते, देव दगड होतो, शाळिग्राम. ती तुळस होते. आम्ही दर वर्षी अंगणात त्यांचं लग्न लावतो आणि मंगलाष्टका झाल्या की ऊस आणि चिंचा खातो. एवढं बोलून प्रवेश संपवता आला असता. विष्णूने नेहमीचं वाक्य टाकलं, की जालंधर त्रैलोक्याला छळत होता, लोककल्याणासाठी मला हे रूप घ्यावं लागलं. वृंदा, म्हणजे तोच घट्टेवाला, बाकड्यावरून हळू उठली आणि म्हणाली,

‘देवा, त्या लोकांत मी होते का?’

मांडवात एकदम शांत झालं. विष्णू काहीतरी पातिव्रत्याच्या तेजाबद्दल बोलायला लागला. तिने बोलू दिलं, आणि मग,

‘अपराध त्यांचा. युद्ध तुमचं. आणि रणांगण माझं घर?’

माझ्या पुढे खाली गोणपाटावर सात-आठ म्हाताऱ्या बसल्या होत्या. त्यातली एक मोठ्याने म्हणाली, ‘इचार गो, इचार!’ वृंदेने तिच्याकडे बघितलं, मान हलवली आणि परत विष्णूकडे वळली. आता देवाला उत्तर देणं भाग होतं. कुठे लिहिलेलं नाही, कोणी सांगितलेलं नाही, तीनशे माणसं बघतायत. विष्णू करणारा पोरगा असेल तिशीचा. त्याने मुकुट काढला, बाकड्यावर ठेवला आणि म्हणाला,

‘उत्तर नाही माझ्यापाशी, वृंदे. म्हणून तर उभा आहे. शाप घ्यायचा नसता तर अंतर्धान पावणं मला अवघड नव्हतं.’

पेटीवाल्याने त्या क्षणी सूर धरला. मला विचाराल तर अख्ख्या रात्रीतलं सगळ्यात मोठं काम त्या पेटीवाल्याचं. संवाद कुठे संपणार हे त्यालाही माहीत नसतं, आणि तरी पद बरोबर तिथे उचललं जातं.

सकाळी दहीहंडी फुटून काला वाटून झाल्यावर मी मुद्दाम रंगपटात गेले. वृंदा लुंगीवर बसून खोबरेल तेलाने रंग पुसत होती. मी विचारलं, तो प्रश्न आधी ठरवला होता का. तर म्हणे, ‘नाय ओ. मालकान मागसून खुणावल्यान, प्रवेश लांबव, उजाडाक अजून वेळ असा.’ म्हणजे ज्या वाक्यावर मी तेव्हापासून विचार करत राहिले ते वेळ भरायला आलं होतं! पण वेळ भरायला दुसऱ्या कोणी एखादं पद जास्त म्हटलं असतं. शेवट बदलायचा नाही, तुळस व्हायलाच हवी, उजाडल्याशिवाय संपवायचं नाही, आणि या तिन्हींच्या मधे वाट्टेल ते बोला. एवढी मोकळीक मी तरी छापील नाटकात नटाला मिळालेली पाहिलेली नाही. हे म्हणाले, ‘पुढच्या गावात परत हेच बोलेल का?’ त्यालाच विचारलं. ‘थंय कोणी तसा बसान आयकणारा गावला तर.’

आता तक्रारी.

माईक. मांडवात वरून चार माईक लोंबकळत ठेवले होते, त्यातला एक सतत गुणगुणत होता, आणि नट त्याच्याखाली गेला की आवाज फाटायचा. ज्या कलेचा सगळा जीव बोलण्यात आहे तिच्या आवाजावर खर्च करायचा नाही आणि एलईडीच्या रंगीत माळांवर करायचा, हा हिशेब मला कळत नाही. दुसरं, बक्षिसांच्या घोषणा. ‘अमुक अमुक यांजकडून जालंधरास रोख रुपये १०१’ हे युद्ध चालू असताना माईकवरून सांगायची काय गरज? नटाला पैसे मिळावेत, जरूर मिळावेत, पण प्रवेश संपल्यावर सांगा. पाहुण्यांचे सत्कार तर पाऊण तास चालले, आणि सत्कार झालेले सगळे पाहुणे नाटक सुरू व्हायच्या आत निघून गेले. तिसरं, बायकांची सोय. रात्रभराचा कार्यक्रम, अर्ध्याहून जास्त प्रेक्षक बायका, आणि सोय म्हणाल तर शाळेच्या मागे अंधारात एक. बॅटरी घेऊन जा आणि एकट्या जाऊ नका. चौथं, मोबाईल. समोर उभं राहून अख्खं नाटक काढणाऱ्या मुलांना म्हाताऱ्यांनीच शेवटी खाली बसवलं.

खाण्याबद्दल मात्र शून्य तक्रार. पहाटे चारला मिळणारा उसळपाव, वर कच्चा कांदा आणि बाजूला तोंड भाजणारा चहा, याला तोड नाही. कांदाभजी मध्यरात्रीच्या आत खा, नंतर तेल बदलत नाहीत. गुळाचा खाजा सकाळी परतताना घ्या, सुरुवातीला घेतलात तर नाटक संपेपर्यंत पिशवीत उरत नाही. खटखटे लाडू फक्त दात शाबूत असलेल्यांनी घ्यावेत. ह्यांची एक दाढ तिथे कामाला आली आहे.

मुंबईत बघितलं तर चालणार नाही का, असं मैत्रिणींनी विचारलं. चालेल, पण ती वेगळी गोष्ट आहे. मी तिकीट काढून संयुक्त दशावतारही पाहिलाय, निरनिराळ्या कंपन्यांतले नावाजलेले नट एकत्र आणून नाट्यगृहात करतात तो. चारशे रुपये तिकीट, गुबगुबीत खुर्ची, स्वच्छ बाथरूम, तीन तासांत मोकळे. नट एकसे एक. पण वेळेत बसवायचं म्हणून आडदशावतार पाच मिनिटांत उरकला, शंकासुर आला नि गेला, कोणाच्या पाण्याचा प्रश्न नाही नि काही नाही. त्या बदल्यात ट्रिकसीन होते. धूर सोडणारं मशीन, तारेवरून येणारा नाग, तोंडातून जाळ काढणारा राक्षस. मुलं खूश होती आणि मुलांसाठी मी त्याला नावं ठेवणार नाही. शिवाय त्या ट्रिकसीनवरच आता बऱ्याच कंपन्यांची गर्दी आणि पोट चालतं हेही खरं. फक्त नाग तारेवरून येत असताना नटाला बोलायला काही उरत नाही, तो नुसता दचकतो. आणि पुढच्या रांगेतल्या अंधारात ‘इचार गो’ म्हणणारं कोणी नसतं. असतं तर शेजारचा शुक् करतो.

जायचं असेल तर: कार्तिकात तुळशीची लग्नं लागली की गावोगावच्या जत्रा सुरू होतात आणि उन्हाळ्यापर्यंत चालतात. तारखा तिथीवर, त्यामुळे दर वर्षी बदलतात. कुडाळ-सावंतवाडीकडच्या कोणालाही फोन करा, तोंडपाठ असतात. कोकणकन्या किंवा तुतारीने कुडाळला उतरा, पण रिझर्व्हेशन आधी करा. मोठ्या, टीव्हीवर दिसणाऱ्या जत्रेला जाऊ नका, तिथे दर्शनाच्या रांगेतच रात्र जाईल. लहान गावाची निवडा. शाल घ्या, बसायला चटई घ्या आणि खुर्च्यांच्या मागे न बसता म्हाताऱ्यांच्या जवळ खाली बसा. कथा माहीत नसेल तर त्या सांगतात, न विचारता.

दुसऱ्या दिवशी झोप झाली की दुपारी पिंगुळीला जा, कुडाळच्या अगदी जवळ आहे. तिथे ठाकर समाजाची चित्रकथी आणि कळसूत्री बाहुल्या आहेत. परशुराम गंगावणे यांनी घराच्या गोठ्यात त्याचं संग्रहालय केलंय. २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. एका कथेच्या चित्रांची एक पोथी, एकेक चित्र पुढे धरत वीणा-टाळावर गोष्ट सांगायची. मंडळींना सांगितलंत तर खेळ करून दाखवतात. आदल्या रात्रीच्या आरडाओरड्यानंतर ते फार निवांत वाटतं, आणि ह्यांना खरं सांगायचं तर तेच जास्त आवडलं. सांगलीकर आहेत, चालायचंच.

अगदी लहान मुलं, कंबरदुखी असलेले आणि ‘पॉइंट काय आहे’ असं दर दहा मिनिटांनी विचारणारे यांनी मुंबईतलाच प्रयोग बघावा. बाकीच्यांनी जावं. तिकीट नाही, पण रात्री आरतीचं तबक फिरतं. त्यात किती टाकायचे असं भाच्याला विचारलंत तर तो लाजून ‘तुमची मर्जी’ म्हणेल. मी सांगते: मुंबईत धुराचे चारशे देता, तेवढे तरी टाका.